डोळे गेले की कान आपोआप तिखट होतात का?

नळाला पाणी आले की बाई गुंड लावून आत स्वयंपाकाला वळते, आणि गुंड भरत आला की नेमकी त्याच वेळी बाहेर येऊन नळ बंद करते. तिने गुंडाकडे पाहिलेले नसते, घड्याळाकडेही नाही. विचारले तर ती म्हणेल, ‘आवाजावरून कळते.’ आवाजात काय कळते, हे तिला सांगता येणार नाही. पाणी चढत जाते तशी त्याच्यावरची हवेची पोकळी आखूड होत जाते आणि आवाजाची पट्टी वर सरकते. ही सरकती पट्टी तिचा कान वर्षानुवर्षे ऐकत आलेला असतो. आता त्याच घरातल्या एका धडधाकट माणसाची नजर अचानक गेली, असे समजा. ज्या अंगणात त्याचे चाळीस वर्षांचे आयुष्य गेले, तिथली मोरी त्याला पहिल्या आठवड्यात सापडत नाही. त्याच गल्लीत दहा वर्षांपूर्वी नजर गेलेला एखादा माणूस मात्र चपलांच्या आवाजावरून दारात कोण आले ते सांगतो. कान तिघांचेही सारखेच आहेत. मग एकाला जे ऐकू येते ते दुसऱ्याला का येत नाही?

या प्रश्नाला आपल्याकडे एक तयार उत्तर आहे: देव एक नेतो आणि दुसरे देतो, डोळे गेले की कान आणि हात आपोआप तेज होतात. हे चांगल्या मनाने, धीर देण्यासाठी सांगितले जाते. पण त्यातला ‘आपोआप’ हा शब्द खोटा आहे आणि त्याने माणसाचे नुकसान होते. इंद्रिये तेज होत नाहीत. त्यांच्याकडून आधीपासूनच येत असलेली माहिती वापरायला मेंदू शिकतो, आणि त्या शिकण्याला वेळ, सराव आणि शिकवणारा माणूस लागतो. हे मान्य केले तर अचानक नजर गेलेल्या माणसासाठी घराने, गावाने आणि सरकारने काय करावे, याचे उत्तर पार बदलते.

कापसाच्या वावरात नजर जाते तेव्हा

राळेगाव तालुक्यात हा प्रश्न पुस्तकी राहत नाही. २०१७ च्या पावसाळ्यात कपाशीवर फवारणी करताना यवतमाळ जिल्ह्यात शेकडो शेतकरी आणि शेतमजुरांना विषबाधा झाली, वीसहून अधिक जण दगावले. यवतमाळच्या वसंतराव नाईक शासकीय वैद्यकीय महाविद्यालयात दाखल झालेल्यांमध्ये ‘दिसेनासे झाले’ अशी तक्रार घेऊन आलेलेही होते. त्या वर्षी पऱ्हाटी डोक्याएवढी वाढली होती, त्यामुळे पंपाचा फवारा पायांकडे न जाता थेट तोंडावर येत होता. फवारणीच्या अनेक औषधांत सेंद्रिय फॉस्फरसची संयुगे असतात. आपल्या नसा स्नायूला हुकूम देतात तो अ‍ॅसिटिलकोलिन नावाच्या द्रव्यामार्फत. हुकूम पोचला की एक विकर, म्हणजे शरीरातला रासायनिक कामगार, ते द्रव्य लगेच पुसून टाकतो. विष या विकरालाच निकामी करते. मग हुकूम पुसलाच जात नाही, बाहुली आकसलेलीच राहते, टाचणीच्या टोकाएवढी होते आणि भर दुपारी अंधारल्यासारखे वाटते. उपचारात दिले जाणारे अ‍ॅट्रोपिन बाहुली उघडते, पण त्यानेही काही दिवस जवळचे धूसर दिसते. बिघाड बाहुलीपुरताच असतो, म्हणूनच अशा अनेक रुग्णांची नजर परत येते. मात्र तीव्र औषध थेट डोळ्यात उडून बुबुळावर व्रण पडला किंवा डोळ्याची नसच दुखावली, तर ती परतेलच असे नाही.

फवारणी हे एकच कारण नाही. वेचणीत पऱ्हाटीची काडी डोळ्याला लागते, जखम साधी वाटते, आणि बुरशी धरून बुबुळ पांढरे पडते. काचबिंदूचा झटका, मधुमेहात डोळ्याच्या आत होणारा रक्तस्राव, पडदा सुटणे, पडद्याची रक्तवाहिनी तुंबणे, यांतल्या कशानेही काही तासांत नजर जाऊ शकते. २०२१ मध्ये करोनानंतरच्या काळ्या बुरशीने महाराष्ट्रात अनेकांना डोळा गमवावा लागला. कारणे वेगळी असली तरी नजर गेलेली ही माणसे एका बाबतीत सारखी असतात: ती मोठी झालेली असतात, कर्ती असतात, आणि त्यांचा हरेक व्यवहार पाहून चालत आलेला असतो. धुऱ्यावरून चालणे, नोट ओळखणे, बैलाच्या चालीवरून त्याचा पाय दुखतो आहे हे ताडणे, समोरच्याच्या चेहऱ्यावरून तो खरे बोलतो की नाही हे जोखणे, हे सारे डोळ्यांवर सोपवलेले असते. जन्मापासून न दिसणाऱ्या मुलाची गोष्ट वेगळी. त्याने जगाची मांडणी पहिल्यापासूनच आवाज, स्पर्श आणि वास यांवर केलेली असते. इथे मांडणी पूर्ण झालेली आहे आणि तिचा मुख्य खांब निघाला आहे.

कान तेच, ऐकणे वेगळे

इंद्रिये तेज होत नाहीत, हे कशावरून? पहिला पुरावा साधा आहे. कानाच्या तपासणीत, म्हणजे किती हळू आवाज ऐकू येतो हे मोजताना, अंध आणि डोळस यांत फरक आढळत नाही. फरक दिसतो तो आवाजातून अर्थ काढण्यात. दुसरा पुरावा मला फार बोलका वाटतो. अंध माणसाला भिंत जवळ आल्याचे हात न लावताही कळते. फ्रेंच विचारवंत दिदरो याने १७४९ मध्येच याची नोंद केली आणि ही जाणीव चेहऱ्याच्या त्वचेला होत असावी असे अनुमान काढले. अनेक अंध माणसेही तसेच सांगत, की गालावर काहीतरी दाटून आल्यासारखे वाटते. मग अमेरिकेत कॉर्नेल विद्यापीठातल्या संशोधकांनी हे तपासले. त्यांचे निष्कर्ष १९४४ मध्ये प्रसिद्ध झाले. दोन अंध आणि डोळ्यांवर पट्टी बांधलेले दोन डोळस अशा चौघांना भिंतीच्या दिशेने चालवले. चेहरा जाड कापडाने झाकला, तरी त्यांना भिंत कळत होती. कान बंद केले, आणि ते भिंतीवर जाऊन आदळू लागले. म्हणजे गालावर वाटणारी ती जाणीव कानातून येत होती. पावलांचा आवाज भिंतीवरून परततो, त्या परतीच्या आवाजाने अंतर कळते, आणि हे काम कान करतो आहे याचा मालकालाच पत्ता नसतो. यातली मोलाची बाब अशी की पट्टी बांधलेले डोळस लोकही सरावाने हे शिकले. त्यांचे डोळे शाबूत होते, कान काही बदललेले नव्हते. त्यांनी केला तो फक्त सराव.

स्पर्शाचेही तसेच आहे. अंध व्यक्तींच्या बोटांना बारीक रेघा डोळस व्यक्तींपेक्षा अधिक चांगल्या कळतात, हे प्रयोगांत आढळले आहे. पण २०११ मध्ये कॅनडातल्या संशोधकांनी बोटांबरोबर ओठांचीही परीक्षा घेतली. ओठ तर बोटांइतकेच नाजूक. तिथे अंध आणि डोळस सारखेच निघाले. निसर्ग भरपाई करत असता तर ती सगळ्या अंगाला मिळाली असती. ती मिळाली फक्त रोज राबणाऱ्या बोटांना.

भरपाई पूर्ण का होऊ शकत नाही, हेही आकड्यांत पाहता येते. एका डोळ्यातून मेंदूकडे जाणाऱ्या नसेत सुमारे दहा ते बारा लाख तंतू असतात, तर एका कानातून जाणाऱ्या नसेत सुमारे तीस हजार. डोळा एका क्षणात अख्खे अंगण दाखवतो: बाज कुठे, गाय कुठे, पोर कुठे, दार उघडे की लोटलेले. हात तेच एकामागून एक सांगतो, आणि तेही हाताच्या टापूत येईल तेवढेच. कान मोठा टापू घेतो, पण मुख्यतः जे आवाज करते ते त्याला कळते. गप्प उभ्या खांबाबद्दल तो, परतीच्या आवाजाचा सराव नसेल तर, काही सांगत नाही. म्हणून नजर गेलेल्या माणसाला तुकडे गोळा करून ते मनात धरून ठेवावे लागतात आणि त्यांचा नकाशा जुळवावा लागतो. हे काम मेंदूला थकवणारे आहे. पहिल्या महिन्यांत असा माणूस दिवसभर काही न करताही दमलेला असतो, त्याचे एक कारण हेच. घरच्यांना तो आळस वाटतो. मुळात ती मेहनत आहे.

मेंदूतला बंद हमरस्ता

मेंदूच्या मागच्या बाजूला पाहण्याचे काम करणारा मोठा भाग असतो. डोळे गेल्यावर तो रिकामा पडतो का? १९९६ मध्ये प्रसिद्ध झालेल्या एका अभ्यासात, लहानपणापासून अंध असलेले लोक बोटांनी ब्रेल वाचत असताना नेमका हाच भाग जागा होताना दिसला. चार वर्षांनी एका रुग्णाची नोंद प्रसिद्ध झाली. ती स्त्री जन्मांध होती आणि ब्रेल सराईतपणे वाचत असे. पक्षाघाताने तिच्या मेंदूचा हा मागचा भाग दोन्ही बाजूंनी निकामी झाला. तिच्या बोटांना ठिपके लागत होते, वस्तू ओळखता येत होत्या, पण अक्षर लागेना. जिने आयुष्यात कधी पाहिले नव्हते, तिचे वाचन पाहण्याच्या भागावर उभे होते.

मोठेपणी नजर गेलेल्या माणसाच्या स्थितीला जवळचा प्रयोग बोस्टनमध्ये झाला, २००८ मध्ये तो प्रसिद्ध झाला. धडधाकट डोळस लोकांच्या डोळ्यांवर पाच दिवस सलग पट्टी बांधून त्यांना ब्रेल शिकवले गेले. पाच दिवसांत त्यांच्या मेंदूचा पाहण्याचा भाग स्पर्शाला प्रतिसाद देऊ लागला, आणि त्याच शिकवणीला बसलेल्या पट्टी नसलेल्या लोकांपेक्षा त्यांची बोटे ठिपके ओळखण्यात पुढे गेली. पट्टी काढल्यावर एका दिवसात तो प्रतिसाद मावळला. पाच दिवसांत मेंदूत नवे रस्ते बांधले जात नाहीत. वडकीपाशी नागपूर-हैदराबाद महामार्ग बंद झाला, की गाड्या पांदणीने वळतात. पांदण त्या दिवशी खोदलेली नसते. ती आधीपासून होतीच, फक्त हमरस्ता चालू असताना तिच्याकडे कोणी वळत नव्हते. महामार्ग उघडला की वाहतूक परत जाते. स्पर्श आणि आवाज यांच्याकडून पाहण्याच्या भागाकडे जाणाऱ्या अशा पांदणी प्रत्येकाच्या मेंदूत असतात. तमार मेकिन आणि जॉन क्राकाउर या संशोधकांनी २०२३ मध्ये जुन्या प्रसिद्ध प्रयोगांचा फेरआढावा घेऊन हेच मांडले: मेंदूचा एखादा भाग आपले काम टाकून परके काम पत्करतो असे नव्हे, त्याच्याकडे मुळात असलेली क्षमता सरावाने वर येते.

पाच दिवसांच्या पट्टीच्या प्रयोगाचा एक अर्थ इथल्या घरांसाठी महत्त्वाचा आहे. नजर गेली की कुटुंब एका दवाखान्यातून दुसऱ्यात जाते: यवतमाळ, सेवाग्राम, सावंगी, नागपूर. आशा सोडू नये, हे खरेच. पण या काळात हातात काठी देणे म्हणजे अंधत्व कबूल करणे, आणि अंधारात वावरायची सवय लागली की येणारी नजरही यायची नाही, अशी भीती मनात असते. या भीतीला आधार नाही. पाच दिवस स्पर्शावर जगलेला मेंदू डोळे उघडताच एका दिवसात पाहण्याकडे परतला. उपचार चालू असतानाच काठी शिकली तर येणारी नजर अडत नाही, आणि ती आलीच नाही तर वर्ष फुकट जात नाही.

‘पण गुलाबराव महाराजांचे काय?’

वऱ्हाडात हा आक्षेप हमखास येणार. अमरावती जिल्ह्यातल्या माधानचे संत गुलाबराव महाराज (१८८१-१९१५) नऊ महिन्यांचे असताना अंध झाले. ग्रंथ दुसऱ्यांकडून वाचवून घेऊन, ते स्मरणात ठेवून, सांगून लिहवून घेऊन त्यांनी शंभराहून अधिक ग्रंथांची निर्मिती केली, म्हणून लोक त्यांना प्रज्ञाचक्षू म्हणतात. त्यांना कोणी प्रशिक्षण दिले होते? त्यांची प्रतिभा असामान्य होती, तिचे श्रेय मेंदूच्या कुठल्या भागाला देण्याचा प्रश्नच नाही. पण वय हा मुद्दा खरा आहे. जन्मांध व्यक्तींची शब्दांची स्मरणशक्ती डोळस लोकांपेक्षा चांगली असते आणि त्या वेळी त्यांचा पाहण्याचा भागही काम करतो, असे २००३ च्या एका अभ्यासात दिसले. दुसऱ्या एका अभ्यासात स्वरांच्या पट्टीतला बारीक फरक ओळखण्यात लहानपणी अंध झालेले सरस ठरले, मोठेपणी अंध झालेले मात्र डोळसांइतकेच राहिले. मेंदूतला हा मोठा बदल साधारण चौदा-सोळा वर्षांच्या वयापर्यंत सहज होतो, नंतर कमी होतो. आणि लहानपणच्या अंधांनाही सगळेच अधिक मिळते असे नाही: गोंगाटात आवाज वरून आला की खालून हे ओळखण्यात ते डोळसांपेक्षा मागे पडतात, कारण ही ओळख पक्की व्हायला पाहण्याची मदत लागते.

मग चाळिशीत नजर गेलेल्याने आशा सोडायची? नाही, उलट त्याला प्रशिक्षणाची गरज जास्त आहे, एवढाच याचा अर्थ. लहान मूल पडत-झडत स्वतः शिकते, मोठ्या माणसाला पद्धत लागते. ही पद्धत घडली तीच मुळी अचानक नजर गेलेल्या तरण्या माणसांसाठी. पहिल्या महायुद्धात अंध झालेल्या सैनिकांसाठी १९१५ मध्ये आर्थर पिअरसन यांनी लंडनला सेंट डन्स्टन्स ही संस्था काढली. पिअरसन स्वतः वृत्तपत्रमालक होते आणि त्यांचीही नजर गेलेली होती. दुसऱ्या महायुद्धात त्याच नावाचे केंद्र भारतीय सैनिकांसाठी डेहराडूनला निघाले, आणि ते चालवायला आले क्लुथा मॅकेन्झी, ज्यांची नजर गॅलिपोलीच्या लढाईत गेली होती. त्या केंद्रातूनच आजची डेहराडूनची राष्ट्रीय दृष्टिदिव्यांगजन सशक्तीकरण संस्था वाढली. उतारवयही आड येत नाही. २०२१ मध्ये इंग्लंडमधल्या डरहॅम विद्यापीठाच्या संशोधकांनी एक अभ्यास प्रसिद्ध केला. त्यांनी लोकांना तोंडाने ‘टक्’ असा आवाज काढून त्याच्या प्रतिध्वनीवरून अडथळे ओळखायला दहा आठवडे शिकवले. शिकणाऱ्यांत एकवीस ते एकोणऐंशी वर्षांचे लोक होते. सगळ्यांची प्रगती झाली, आणि तीन महिन्यांनी विचारले तेव्हा अंध सहभागींपैकी बहुतेकांनी आपले एकट्याने वावरणे सुधारल्याचे सांगितले.

काठी नेमके काय करते

पांढरी काठी पाहणाऱ्यांसाठी खूण आहे. धरणाऱ्यासाठी ती लांब केलेले बोट आहे. तिची आजची पद्धत रिचर्ड हूव्हर यांनी १९४४ च्या सुमारास अमेरिकेतल्या सैनिकी रुग्णालयात बसवली. म्हातारपणाची काठी भार पेलायला असते, ही वजनाला हलकी आणि छातीच्या हाडापर्यंत उंच असते. ती पोटासमोर मधोमध धरायची आणि खांद्यांच्या रुंदीपेक्षा थोडी जास्त अशी डावी-उजवीकडे फिरवायची. डावा पाय पुढे जातो तेव्हा टोक उजवीकडे टेकते, उजवा जातो तेव्हा डावीकडे. उलटे वाटते, पण यातच खरी गोम आहे: टोक टेकते ती जागा पुढच्या पावलाची असते. खड्डा, पायरी, दगड हे पाय पडण्यापूर्वी एक पाऊल आधी कळते. टोकाचा आवाजही बोलतो. सिमेंटच्या रस्त्यावर तो टणक येतो, मुरुमावर खरखरतो, मातीत बसका होतो. उघड्या दारापाशी आवाज आत शिरतो आणि भिंतीपाशी परततो. काठी शिकणे म्हणजे हात आणि कान यांना एकत्र कामाला लावणे, आणि हे पुस्तक वाचून येत नाही. शेजारी चालणारा जाणकार लागतो.

ही पद्धत फरसबंद रस्त्यांवर घडली, हेही ध्यानात घ्यायला हवे. राळेगावच्या काळ्या मातीत, आषाढात, काठीचे टोक रुतते आणि चिखलाचा गोळा बनते. तिथे टोक टेकत जाण्यापेक्षा कडा धरून जाणे उपयोगी: धुरा, काटेरी कुंपण, गोठ्याची भिंत, नालीचा काठ. पावसाचाही एक उपयोग आहे. एरवी गप्प असलेल्या वस्तू पावसात बोलतात. टिनावर, तुरीच्या पानांवर, साचलेल्या पाण्यावर थेंब वेगवेगळे वाजतात आणि कुठे काय आहे ते दुरून कळते. जॉन हल या धर्मशिक्षणाच्या प्राध्यापकांची नजर मोठेपणी गेली. पाऊस आला की सगळ्या परिसराला आकार येतो, असा अनुभव त्यांनी सविस्तर लिहून ठेवला आहे. जोराचा वारा मात्र त्याच्या उलट करतो; तो सगळ्या खुणा पुसतो.

हाताने करायच्या कामांतही पद्धत असते. शंभराची नोट १४२ मिलिमीटर लांब आहे, दोनशेची १४६, पाचशेची १५०. चार मिलिमीटरचा फरक बाजारच्या गर्दीत बोटांना कळणे कठीण. म्हणून प्रत्येक किमतीची घडी वेगळी घालायची, किंवा नोट दोन बोटांच्या फटीत धरून तिची लांबी बोटाच्या पेराशी ताडायची. चहा ओतताना कपाच्या काठावर बोट ठेवण्यापेक्षा आवाजाची चढती पट्टी ऐकायची, जे गुंडाच्या बाबतीत घरातल्या बाईला येतेच. कापसातली ओल, जवारीच्या पिठाचा सैलपणा, फोडणीतल्या मोहरीची तडतड, हे डोळ्यांशिवायचे ज्ञान गावातल्या प्रत्येकाकडे असते. शिकवणाऱ्याचे निम्मे काम ते ओळखून वर काढण्याचे आहे.

चौकट : घरच्यांसाठी

नजर अचानक गेली किंवा एकाएकी धूसर झाली, दुखत नसले तरी, त्याच दिवशी डोळ्यांच्या डॉक्टरांकडे न्या. काही कारणांत तासांना महत्त्व असते.
सामान रोजच्या जागी ठेवा. दार पूर्ण उघडे किंवा पूर्ण लावलेले असू द्या. अर्धवट दार कपाळाला लागते.
खोलीत आल्याचे आणि गेल्याचे बोलून सांगा.
चालवताना ढकलू नका, हात धरून ओढू नका. आपले कोपर त्यांना धरू द्या आणि अर्धे पाऊल पुढे चाला.
‘तिकडे आहे’ म्हणण्याऐवजी ‘डाव्या हाताला, दोन पावलांवर’ असे सांगा.

नसलेले दिसते, रात्र चुकते

नजर गेल्यावर काही आठवड्यांत काही जणांना एकाएकी चित्रे दिसू लागतात: जाळीदार नक्षी, रंगीत फेटे घातलेली माणसे, जनावरे, अनोळखी चेहरे. आवाज नसतो, आणि हे खरे नाही हे पाहणाऱ्याला बहुधा समजत असते. स्विस निसर्गशास्त्रज्ञ शार्ल बोने याने १७६० मध्ये आपल्या आजोबांच्या अनुभवावरून याची नोंद केली, म्हणून डॉक्टर याला त्याच्याच नावाने ओळखतात. कारण समजण्यासारखे आहे: डोळ्यांकडून माल येणे थांबले तरी पाहणारा भाग स्वतःहून हालचाल करत राहतो, आणि त्या हालचालीचीच चित्रे होतात. हे वेड नाही, बाहेरची बाधाही नाही. पण आधीच खचलेला माणूस हे घरात सांगत नाही. सांगितले तर मांत्रिकाकडे नेतील किंवा वेडा ठरवतील अशी त्याला धास्ती असते. त्याला फक्त एवढे सांगितले, की असे अनेकांना होते आणि पुष्कळदा कालांतराने कमी होते, तरी मोठा भार उतरतो. मला वाटते, नजर गेलेल्या प्रत्येकाला दवाखान्यातून सोडताना हे एक वाक्य सांगायलाच हवे.

झोपेचेही असेच. डोळ्याच्या पडद्यात काही पेशी चित्रासाठी नसतात; दिवस उजाडला की मावळला हे त्या मेंदूला कळवतात. ज्यांच्या डोळ्यांत उजेडच पोचत नाही त्यांचे आतले घड्याळ रोज थोडे सरकत जाते आणि काही आठवड्यांनी ते रात्री टक्क जागे, दुपारी पेंगत, असे होतात. यावर उपचार आहेत, डॉक्टरांना विचारावे. आणि कायद्याने अंध ठरलेल्या सगळ्यांनाच पूर्ण अंधार नसतो. निरोगी डोळ्याला साठ मीटरवरून दिसते ते तीन मीटरवरूनही दिसत नसेल तर माणूस अंध धरला जातो. म्हणजे थोडा उजेड, थोडे आकार अनेकांकडे शिल्लक असतात. काळ्या उंबरठ्यावर चुन्याची पांढरी पट्टी ओढली तर तेवढी शिल्लकही कामी येते.

‘पोटाला नाही, तिथे प्रशिक्षण कसले?’

हा आक्षेप सर्वांत रास्त आहे. कर्त्या माणसाची नजर गेली की घराचे उत्पन्न थांबते, उपचाराचे कर्ज होते. नुकसानभरपाई, संजय गांधी निराधार योजनेचे अनुदान, दिव्यांगत्वाचे प्रमाणपत्र, एसटीची सवलत, हे सगळे आधी मिळालेच पाहिजे. पण अनुदान घेऊन तो बाजेवर बसूनच राहिला तर घरातली दोन माणसे कामातून जातात: तो, आणि त्याला धरून नेणारी बायको किंवा शाळा सोडलेली मुलगी. मायेपोटी घरचे म्हणतात, ‘तू बस, आम्ही करतो.’ मेंदूला सराव मिळण्याचे पहिले काही महिने या मायेत निघून जातात. प्रशिक्षण ही पोट भरल्यानंतरची चैन समजू नये. त्या मुलीला शाळेत परत पाठवण्याचा तो मार्ग आहे.

दुसरा आक्षेप नव्या काळातला: आता फोनच सगळे सांगतो. रिझर्व्ह बँकेचे मणी हे अ‍ॅप २०२० पासून नोट ओळखून किंमत बोलते, फोन मराठी मजकूर वाचून दाखवतो. ही मदत खरी आहे, ती घ्यावीच. पण फोन बोलतो तो कानाशी, आणि तोच कान रस्त्यावरची मोटारसायकल ऐकत असतो. तीस हजार तंतूंच्या त्या वाटेवर दोन्ही कामे एकदम टाकली तर एक चुकते. फोन कधी ऐकायचा आणि कधी खिशात ठेवायचा, हेही शिकावेच लागते.

मग शिकवणार कोण? महाराष्ट्रात अंधांसाठीचे काम जुने आहे. मुंबईत दादरची अंध मुलींची शाळा १९०० पासून चालत आली आहे, राष्ट्रीय अंधजन संघ १९५२ पासून. नागपुरात अंध विद्यालय आहे, आणि वर्धा नदीपलीकडे वरोऱ्याला बाबा आमटे यांच्या आनंदवनात अंध मुलांची शाळा. पण यांतल्या शाळा मुलांसाठी आहेत. चाळीस वर्षांच्या शेतकऱ्याला शाळेत घालता येत नाही, आणि वेचणीच्या दिवसांत घर सोडून मुंबई-डेहराडूनला महिनोन्‌महिने राहणे त्याला परवडत नाही. त्याला शिकवायचे ते त्याच्याच अंगणात, त्याच्याच धुऱ्यावर आणि राळेगावच्या त्याच्याच बसस्थानकावर, कारण नकाशा त्याला तिथलाच हवा आहे. एक शिकवणारा माणूस एका तालुक्यातली अनेक घरे करू शकतो.

त्यासाठी नवी योजना येण्याची वाट पाहावी लागत नाही. २०१६ च्या दिव्यांग हक्क कायद्याने पुनर्वसनाची जबाबदारी सरकारबरोबर स्थानिक संस्थांवरही टाकली आहे, आणि महाराष्ट्रात ग्रामपंचायती व नगरपंचायतींनी स्वतःच्या उत्पन्नाचा पाच टक्के निधी दिव्यांगांसाठी राखून ठेवायचा आहे. येत्या ग्रामसभेत राळेगाव तालुक्यातल्या वाचकांनी या पाच टक्क्यांचा हिशेब मागावा, आणि त्यातून पांढऱ्या काठ्या आणि त्या चालवायला शिकवणाऱ्याचे मानधन द्यावे असा ठराव मांडावा. चार-सहा गावांनी मिळून एक माणूस नेमला तरी चालेल. पुढच्या फवारणीच्या हंगामाआधी तो नेमला गेला पाहिजे.